ट्रम्पेटवाल्याने सिनेमा काढला

आकाशवाणीवर जुने गाणे लागले की निवेदक आधी चित्रपटाचे नाव सांगतो, मग गायकाचे, गीतकाराचे, संगीतकाराचे. पिढ्यान् पिढ्या आपण हे ऐकत आलो. पण गाणे सुरू होताना जो ट्रम्पेट छातीत घुसतो, ज्या वीस-पंचवीस व्हायोलिनी एकदम उठतात, त्या वाजवणाऱ्यांची नावे कोणीही सांगत नाही. ती सांगायची असतात हेच आपल्याला कोणी शिकवले नाही. कोण होती ही माणसे? कुठून आली? त्यांच्या घरात चूल कशी पेटत होती?

वाचकहो, या प्रश्नाचे उत्तर बहुतांशी गोव्यात सापडते. आणि त्या नाव नसलेल्यांपैकी एकाने हातातला ट्रम्पेट बाजूला ठेवून स्वतःचा सिनेमा काढला, आपल्या बोलीत काढला, आपल्याच जातकुळीच्या कलावंतांना पडद्यावर उभे केले. त्यांचे नाव फ्रँक फर्नांड. गोव्यात आणि मुंबईच्या गोवेकर वस्त्यांत हे नाव आजही आदराने घेतले जाते. मराठवाड्यात ते फारसे पोचले नाही. आपल्या दैनिकाच्या पानावर एका गोवेकर ख्रिस्ती जॅझवाल्याचे काय काम, असे कोणी विचारील. मी म्हणतो, ज्या समाजाच्या हातात पिढ्यान् पिढ्या हलगी आणि सनई देण्यात आली आणि ज्याचे नाव लग्नपत्रिकेच्या शेवटच्या ओळीतही कधी छापले गेले नाही, त्या समाजाचे या माणसाशी काम आहे.

फ्रँक यांचे मूळ नाव फ्रँकलिन फर्नांडिस. जन्म १९१९ चा, दक्षिण गोव्यातल्या कुडचडे गावचा. गोव्यावर तेव्हा पोर्तुगीजांचे राज्य होते. पोर्तुगीजांनी गोव्यात धर्म नेला, इन्क्विझिशन नेले, आणि चर्चमध्ये प्रार्थना गाण्यासाठी मुले हवीत म्हणून गावोगावच्या चर्चला जोडून संगीताची शाळाही नेली. तिथला शिक्षक म्हणजे मेस्त. तो मुलांना व्हायोलिन शिकवी आणि मुख्य म्हणजे पाश्चात्त्य पद्धतीची स्वरलिपी वाचायला शिकवी. धर्मांतराने गोव्यातली जात गेली नाही, हे आपण बौद्धांनी लक्षात ठेवण्यासारखे आहे. बामण, चार्डो, सुदिर अशी उतरंड ख्रिस्ती गोवेकरांत राहिली, चर्चच्या संस्थांतही राहिली. पण कागदावरचा सूर वाचण्याची विद्या मात्र उतरंडीच्या बाहेर सांडली. गरीब घरातला मुलगा ती घेऊन जगात कुठेही पोट भरू शकत होता. जहाजावर, संस्थानिकाच्या बँडमध्ये, मूकपटाच्या थिएटरात, पोलीस बँडमध्ये. विद्या खुली झाली की काय होते याचे हे लहानसे उदाहरण आहे.

१९३६ च्या सुमारास, सोळा-सतरा वर्षांचे असताना, फ्रँक मुंबईला आले. गोव्यात जमीन भाटकाराची आणि नोकरी कोणाचीच नाही, त्यामुळे गोवेकर पोरांची मुंबईची वाट ठरलेली होती. धोबी तलाव, गिरगाव, माझगाव या भागांत गावागावाचे ‘कूड’ होते. कूड म्हणजे एका गावच्या लोकांनी मिळून चालवलेली राहण्याची जागा. एक ट्रंक, एक चटई, भिंतीवर क्रूस, आणि महिन्याला थोडेसे भाडे. बोटीवर जाणारे खलाशी, आचारी, शिंपी आणि वाजवणारे सगळे तिथेच राहत. आपल्या कोकणातले आणि घाटावरचे गिरणी कामगार जसे गाळ्यात दहा-दहा जण राहत, तसाच प्रकार. धोबी तलावाच्या आल्फ्रेड रेस्टॉरंटात वाजवणारे जमत आणि तिथेच त्यांना काम मिळे.

त्या दिवसांची मुंबई डोळ्यांपुढे आणा. ऑक्टोबर १९३५ मध्ये बाबासाहेबांनी येवल्याला धर्मांतराची घोषणा केली होती. मे १९३६ च्या अखेरीस दादरला नायगावात महार परिषद भरली. त्याच शहराच्या दुसऱ्या टोकाला, अपोलो बंदरावरच्या ताजमहाल हॉटेलात, १९३५ च्या हिवाळ्यात लिऑन अॅबी नावाच्या कृष्णवर्णीय अमेरिकन व्हायोलिनवादकाचा बँड वाजू लागला होता. मुंबईने खरा जॅझ ऐकला तो तेव्हा. पुढे क्रिकेट स्मिथ हा ट्रम्पेटवाला आणि टेडी वेदरफोर्ड हा पियानोवाला यांनी तिथे आपले बँड चालवले. गोव्याची पोरे त्यांना ऐकून, त्यांच्या रेकॉर्डी झिजेपर्यंत वाजवून, जॅझ शिकली.

जॅझ म्हणजे श्रीमंतांच्या क्लबातले नाचगाणे, अशी आपल्याकडे समजूत आहे. ती अर्धवट आहे. हे संगीत जन्मले अमेरिकेच्या दक्षिणेत, न्यू ऑर्लिन्स शहरात, गुलामांच्या नातवंडांच्या हातून. मयतीला वाजत जाणारा त्यांचा बँड जाताना संथ वाजे आणि माती देऊन परतताना उसळून वाजे. ज्यांना नागरिक म्हणून किंमत नव्हती त्यांनी गोऱ्यांच्या फौजेची पितळी वाद्ये उचलली आणि त्यांतून गोऱ्यांना माहीत नसलेला आवाज काढला. जॅझमध्ये लिहिलेली चाल थोडीच असते, बाकी वाजवणारा त्या क्षणी स्वतः रचतो, आणि एकाने रचलेले दुसरा उचलून पुढे नेतो. गोरा समाज ते ऐकायला पैसे मोजून येई. न्यू यॉर्कच्या हार्लेममध्ये कॉटन क्लब नावाचे प्रसिद्ध ठिकाण होते. तिथे वाजवणारे सगळे काळे, आणि ऐकायला परवानगी फक्त गोऱ्यांना. आपल्या गावात मंदिराच्या दाराशी वाजवणारा आणि दाराच्या आत कधी न गेलेला माणूस ज्याने पाहिला आहे, त्याला कॉटन क्लब वेगळा समजावून सांगावा लागणार नाही.

क्रिकेट स्मिथबद्दल एक गोष्ट मला फार महत्त्वाची वाटते. न्यू यॉर्कमध्ये १९१० साली जेम्स रीझ युरोप या कृष्णवर्णीय बँडमास्तराने ‘क्लेफ क्लब’ काढला. नाव क्लबचे, पण काम संघटनेचे. काळ्या वाजवणाऱ्यांना काम मिळवून देणे, त्यांचा दर ठरवणे, आणि हॉटेलमालकांनी त्यांच्याकडून भांडी घासून घेऊ नयेत, हे पाहणे. १९१२ साली त्याने कार्नेगी हॉलमध्ये सगळ्या काळ्या वादकांचा कार्यक्रम केला. १९१३ च्या अखेरीस त्याच्या वाद्यवृंदाच्या रेकॉर्डी निघू लागल्या आणि त्यांत कॉर्नेट वाजवणारा होता क्रिकेट स्मिथ. आता तारीख पाहा. बाबासाहेब जुलै १९१३ मध्ये न्यू यॉर्कला उतरले आणि १९१६ पर्यंत कोलंबिया विद्यापीठात होते. विद्यापीठ हार्लेमच्या उशालाच आहे. भेट झाली असे मी म्हणत नाही, तसा काही आधार नाही. बाबासाहेब ग्रंथालयात होते, स्मिथ नाचघरात. पण एकाच शहरात, एकाच दोन-तीन वर्षांत ही दोन माणसे श्वास घेत होती, आणि वीस वर्षांनी दोघे मुंबईत होते. एक धर्मांतराची तयारी करत होता, दुसरा गोव्याच्या पोरांना ट्रम्पेट ऐकवत होता. टेडी वेदरफोर्ड तर परत गेलाच नाही. १९४५ साली कलकत्त्यात पटकी होऊन तो मेला.

या पोरांनी जॅझबरोबर नावेही उचलली. फ्रँकलिन फर्नांडिस यांचे फ्रँक फर्नांड झाले. हळदोण्याचा आंतोनियो शाव्हिएर वाझ ‘चिक चॉकलेट’ झाला आणि भारताचा लुई आर्मस्ट्राँग म्हणून गाजला. रुडी कॉटन हा तर पारशी, खटाव घराण्यातला. काही लोक या नावांना हसतात. मी हसत नाही. नाव बदलणे म्हणजे काय असते, हे आडनावावरून खोली नाकारली गेलेल्या माणसाला विचारावे.

दुसऱ्या महायुद्धाची वर्षे वाजवणाऱ्यांना बरी गेली. गोरे सैनिक मुंबईत येत, हॉटेले भरलेली असत, उन्हाळ्यात बँड थंड हवेच्या ठिकाणी जात. फ्रँक १९४६ साली असेच मसुरीला वाजवत होते, तेव्हा गांधीजी तिथे आले होते. त्यांना ऐकल्यावर फ्रँक यांच्या मनाने घेतले की आपण परक्यांची धून वाजवतो, आता या मातीचे सूर जॅझमध्ये आणले पाहिजेत. गांधींबद्दल आपल्या चळवळीचे जे म्हणणे आहे ते पुणे करारापासूनचे आहे आणि ते मी इथे सौम्य करणार नाही. पण एका सव्वीस-सत्तावीस वर्षांच्या नोकरदार वादकाला आपण कोणाचे वाजवतो हा प्रश्न त्या दिवशी पडला, ही घटना आपल्या जागी खरी आहे. योगायोग असा की त्याच १९४६ च्या उन्हाळ्यात बाबासाहेबांनी अमेरिकेतल्या डॉ. डु बॉइस यांना पत्र लिहून निग्रोंनी संयुक्त राष्ट्रांकडे केलेल्या अर्जाची प्रत मागवली होती. अमेरिकेच्या काळ्या माणसाकडून काय घ्यायचे याचा विचार दोन ठिकाणी चालला होता. एका ठिकाणी सुरांचा, दुसऱ्या ठिकाणी हक्कांचा.

मग स्वातंत्र्य आले. इंग्रज गेले, संस्थानिकांचे तनखे झाले, आणि मुंबई सरकारने १९४९ चा दारूबंदी कायदा आणला. दारूबंदी बरी की वाईट हा वेगळा वाद. पण हॉटेलातला पेला गेला तशी गर्दी गेली, आणि गर्दीबरोबर बँडची नोकरी गेली. ज्यांना कागदावरचा सूर वाचता येत होता त्यांना एकच मालक उरला, तो म्हणजे हिंदी सिनेमा.

इथे काम कसे चाले ते नीट समजून घेऊ, कारण सगळा प्रश्न त्यातच आहे. संगीतकार हार्मोनियमवर चाल बांधी. बहुतेकांना स्वरलिपी येत नसे, येण्याची गरजही नव्हती, चाल बांधणे हीच मोठी गोष्ट आहे. पण समोर चाळीस-पन्नास वादक बसवायचे तर प्रत्येकाच्या पुढे त्याचा त्याचा कागद हवा. व्हायोलिनने काय वाजवायचे, चेलोने खालून काय धरायचे, ट्रम्पेट कुठे फुटायचा, दोन कडव्यांमधल्या मोकळ्या जागेत काय भरायचे, हे सगळे रात्र रात्र बसून कागदावर उतरवणारा माणूस म्हणजे अरेंजर. हा अरेंजर बहुधा गोवेकर असे. शंकर-जयकिशन यांच्याकडे सेबॅस्टियन डिसोझा, सी. रामचंद्र यांच्याकडे चिक चॉकलेट. आपल्या पुणतांब्याच्या सी. रामचंद्रांनी ‘अलबेला’मध्ये १९५१ साली जो धुमाकूळ घातला त्यात चिक चॉकलेटचा ट्रम्पेट आहे, आणि त्याचा बँड पडद्यावरही दिसतो. फ्रँक फर्नांड हे अनिल विश्वास, हेमंतकुमार, किशोरकुमार यांच्याकडे सहायक होते. श्रेयनामावलीत नाव आलेच तर ‘सहायक’ म्हणून, तेही बारीक अक्षरात. रांगेत बसून वाजवणाऱ्याचे तेवढेही येत नसे. त्याला पाळीचे पैसे मिळत आणि तो पुढच्या स्टुडिओकडे पळत असे.

पगार मिळाला ना, मग तक्रार कशाची, असे म्हणणारे भेटतात. त्यांना मी बलुत्याची आठवण देतो. सुगीला पाच पायल्या मिळतच होत्या. प्रश्न पायल्यांचा नव्हता.

फ्रँक यांनी काय केले? १९ डिसेंबर १९६१ ला गोवा मुक्त झाला. त्याला पुरती दोन वर्षे होतात न होतात तोच, १९६३ साली, ‘आमचें नशीब’ हा कोकणी चित्रपट आला. निर्माते फ्रँक फर्नांड. दिग्दर्शन ए. सलाम यांचे. कोकणीत त्याआधी जेरी ब्रागांझा यांनी १९५० साली ‘मोगाचो आंवडो’ काढून सुरुवात केली होती, पण त्यानंतर बराच काळ काही उभे राहिले नव्हते. कोकणी सिनेमाला बाजार नव्हता. भाषेला राजमान्यता नव्हती. ती भाषा आहे की मराठीची बोली, यावरच विद्वानांची डोकी फुटत होती. अशा भाषेत एका ट्रम्पेटवाल्याने जन्माची कमाई घातली.

त्याने माणसे कुठून आणली हे अधिक महत्त्वाचे. ती तियात्रातून आणली. तियात्र म्हणजे गोवेकर ख्रिस्ती जनतेचे नाटक. ते जन्मले १८९२ साली, आणि गोव्यात नव्हे तर मुंबईत, कामासाठी आलेल्या लोकांत. मध्ये मध्ये कांतारां म्हणजे गाणी, त्यांत भाटकाराची, पाद्रीची, सरकारची टिंगल, आणि पडद्यापुढे जिवंत बँड. आपल्या जलशाशी त्याचे नाते लावायला फार कष्ट पडत नाहीत. जलशाने जशी माणसाची गोष्ट सांगितली, तशीच तियात्राने सांगितली. आणि प्रतिष्ठितांनी दोघांनाही सारखेच नाक मुरडले. सी. आल्वारिस, जासिंत वाझ, अँथनी मेंडिस हे तियात्राचे राजे फ्रँक यांनी कॅमेऱ्यापुढे उभे केले. या नटांचे चालणे, बोलणे, गाणे आज आपल्याला पाहायला मिळते ते या दोन चित्रपटांमुळे. तियात्र रात्री होई आणि रात्रीबरोबर संपे. कॅमेऱ्याने ते धरून ठेवले. वाजवणाऱ्याला हे कळणे साहजिक आहे. स्टुडिओतला सूर टिकतो आणि हॉटेलातला विरतो, हे त्याच्याइतके कोणाला माहीत असणार?

दुसरा चित्रपट १९६६ चा ‘निर्मोण’. निर्मोण म्हणजे नियती. टेनिसन या इंग्रज कवीच्या ‘ईनॉक आर्डन’ या कथाकाव्यावर तो आधारलेला. नवरा बोटीवर जातो, बोट बुडाल्याची बातमी येते, बायको वाट पाहून पाहून मुलांसाठी दुसरे लग्न करते, आणि मग नवरा परततो. इंग्रजी कथेचे बीज घेतले, पण गोव्यात ते परके वाटलेच नाही, कारण तिथे घरटी एक माणूस ‘तारवटी’ म्हणजे खलाशी होता. आपल्याकडे उसाच्या कोयत्यावर गेलेल्याची जशी वाट पाहतात तशी तिथे बोटीवर गेलेल्याची पाहतात. भूम, परांडा, वाशीच्या वाडीवस्तीवरून दर दिवाळीला जे टेम्पो भरून जातात, त्यांच्या बायकापोरांना ही गोष्ट सांगून पाहावी. शालिनी मार्डोळकर त्यात नायिका होत्या. ‘निर्मोण’ला राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत गुणवत्तेचे प्रमाणपत्र मिळाले. लगेच १९६७ साली राजश्रीने त्याच गोष्टीवर, त्याच दिग्दर्शकाकडून, ‘तकदीर’ हा हिंदी चित्रपट काढला आणि तो चालला. संगीत लक्ष्मीकांत-प्यारेलाल यांचे. त्यातले प्यारेलाल हे व्हायोलिन शिकले होते अँथनी गोन्साल्विस या माजोर्ड्याच्या गोवेकराकडे. म्हणजे विद्या गोव्याची, गोष्ट गोव्यातून गेलेली, आणि देशाला माहीत झाला तो ‘तकदीर’. मूळ कोकणी चित्रपट किती हिंदी प्रेक्षकांना ठाऊक आहे?

या चित्रपटांचा काळही विसरू नये. जानेवारी १९६७ मध्ये गोव्यात सार्वमत झाले. महाराष्ट्रात विलीन व्हायचे की केंद्रशासित राहायचे? आपल्या मराठी वाचकाला यात एकच बाजू ठाऊक असते. दयानंद बांदोडकरांच्या मागे गोव्याचा हिंदू बहुजन होता. त्याला भाटकारशाहीतून आणि सारस्वतांच्या वर्चस्वातून सुटायचे होते, कूळकायदा असलेला महाराष्ट्र त्याला जवळचा वाटत होता, आणि त्याचे काही चुकत नव्हते. दुसरीकडे ख्रिस्ती गरिबाला भीती होती की मोठ्या मराठी राज्यात आपली बोली आणि आपले तियात्र वाहून जाईल. त्याचेही चुकत नव्हते. विलीनीकरणाचा पक्ष ३४,०२१ मतांनी हरला. फ्रँक यांचे चित्रपट त्या प्रचाराची पत्रके नव्हते, पण आपली बोली पडद्यावर शोभते, तिच्यात रडता-हसता येते, हे ज्यांनी थिएटरात पाहिले त्यांच्या मनात काही तरी हलले असणारच. पुढची गंमत पाहा. कोकणीला १९८७ साली राज्यभाषेचा दर्जा मिळाला तो देवनागरी कोकणीला. तियात्राची, ख्रिस्ती गरिबाची रोमी लिपीतली कोकणी दाराबाहेर राहिली. १९९२ साली कोकणी आठव्या अनुसूचीत गेली. भाषेसाठी राबलेले एक, सिंहासनावर बसलेले दुसरे. याबद्दल गोव्यात आजही भांडण आहे आणि ते रास्त आहे.

पुढे फ्रँक यांनी हिंदी चित्रपटनिर्मितीतही हात घातला. पण दोन कोकणी चित्रपटांनी त्यांना जी जागा दिली ती हिंदीने दिली नाही. म्हातारपणी कंपवाताने त्यांना गाठले. ट्रम्पेटच्या खटक्यांवर नाचलेली बोटे थरथरू लागली. २००७ साली ते गेले.

मी वकील आहे, त्यामुळे एवढ्यावर थांबणे मला जमत नाही. नाव न येणे हा रीतीचा भाग होता की कायद्याचा, हे पाहिले पाहिजे.

आपला कॉपीराइट कायदा १९५७ चा. तो लेखकाला, संगीत रचणाऱ्याला आणि चित्रपटाच्या निर्मात्याला ओळखत होता. वाजवणाऱ्याला आणि गाणाऱ्याला तो ओळखतच नव्हता. १९७७ साली सर्वोच्च न्यायालयात इंडियन परफॉर्मिंग राइट सोसायटीचा खटला आला. न्यायालयाने निकाल दिला की मोबदला देऊन चित्रपटासाठी संगीत करून घेतले की, उलट करार नसेल तर, मालकी निर्मात्याची. त्या निकालात न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी स्वतंत्र टिपण जोडले आणि गाणाऱ्या-वाजवणाऱ्याला कायद्याने काहीच दिलेले नाही याकडे संसदेचे लक्ष वेधले. संसदेला जाग यायला सतरा वर्षे लागली. १९९४ च्या दुरुस्तीने कलम ३८ मध्ये ‘सादरकर्त्याचे हक्क’ आले, १० मे १९९५ पासून अमलात आले, आधी पंचवीस वर्षांसाठी, मग १९९९ च्या दुरुस्तीने पन्नास. पण त्यात मेख होती. एकदा चित्रपटात सामील व्हायला संमती दिली की ते हक्क तिथेच संपले. म्हणजे ज्याच्यासाठी न्यायमूर्तींनी लिहिले होते तोच पुन्हा बाहेर.

२०१२ ची दुरुस्ती २१ जून २०१२ पासून लागू झाली. तिने खूप चांगले दिले, हे मोकळेपणाने सांगितले पाहिजे. चित्रपटातल्या सादरकर्त्यालाही व्यापारी वापराच्या रॉयल्टीत वाटा दिला. कलम ३८ ‘ब’ मध्ये दोन नैतिक हक्क दिले. एक, सादरकर्ता म्हणून माझे नाव लावा असे मागण्याचा. दोन, माझ्या सादरीकरणाची मोडतोड करून माझी बदनामी करू नका असे सांगण्याचा. पण त्याच दुरुस्तीने कलम २ (क्यूक्यू) ला एक परंतुक जोडले. चित्रपटात ज्याचे काम प्रासंगिक किंवा आनुषंगिक आहे आणि धंद्याच्या रीतीप्रमाणे ज्याचे नाव श्रेयनामावलीत कुठेच येत नाही, तो सादरकर्ता समजला जाणार नाही, फक्त दुसऱ्या नैतिक हक्कापुरता समजला जाईल. पुन्हा वाचा. तुझे नाव लावण्याची रीत नाही, म्हणून तुला नाव मागण्याचा हक्क नाही. रूढीने जे हिरावले तेच कायद्याने रूढीचा दाखला देऊन पक्के केले. आपल्या लोकांनी ही भाषा दोन हजार वर्षे ऐकली आहे, फक्त ती आधी संस्कृतात होती.

पन्नास जणांच्या वाद्यवृंदातला ट्रम्पेट ‘आनुषंगिक’ म्हणायचा का, यावर न्यायालयात वाद घालता येतो आणि घातला पाहिजे. ज्या तुकड्यावरून गाणे ओळखले जाते तो तुकडा वाजवणारा आनुषंगिक कसा?

हे सगळे मुंबई-गोव्याचे आहे असे समजू नका. भूमच्या न्यायालयाच्या आवारात माझ्याकडे बँडवाले येतात. बहुतेक मातंग समाजाचे, काही मुसलमान. ठरलेले पैसे वरबापाने दिले नाहीत, ही नेहमीची तक्रार, आणि करार तोंडी. हल्ली दुसरी तक्रारही येते. हलगीचा डाव कोणी मोबाइलवर टिपतो, इंटरनेटवर टाकतो, लाखो लोक पाहतात, टाकणाऱ्याला पैसे मिळतात. वाजवणाऱ्याला नाव विचारायलाही कोणी येत नाही. एकाने मला विचारले की वरातीत सिनेमाची गाणी वाजवली म्हणून आम्ही गुन्हेगार ठरतो का. नाही ठरत. कलम ५२ ने लग्नाच्या वरातीला सूट दिलेली आहे, कोणी धाक घालून पैसे मागितले तर देऊ नका. आणि तुमची हलगी हा चित्रपट नाही, त्यामुळे ते परंतुक तुम्हाला लागत नाही. कलम ३८ नुसार तुम्ही पूर्ण सादरकर्ते आहात. संमतीवाचून टिपून धंदा करणाऱ्याला तुम्ही नोटीस देऊ शकता. हे ऐकून तो हसला. नोटीस द्यायची तर गावात राहायचे आहे, असे त्याचे म्हणणे पडले. त्यावर माझ्याकडे कलम नव्हते.

गावकीचे वाजवणे सोडा असे बाबासाहेबांनी सांगितले आणि आपल्या घरांनी ते सोडले, हे योग्यच झाले. गुलामी सुटली. पण वाद्य गुलाम नव्हते, वेठ गुलाम होती. ही जाण जलसाकारांना होती, म्हणून त्यांनी ढोलकी-तुणतुणे टाकले नाही, त्यातून बोलायचे ते बदलले. आणि भीमराव कर्डकांसारख्या जलसाकाराने स्वतः बसून आंबेडकरी जलशांवर पुस्तक लिहिले, कोण कुठे गायले ते नोंदवले, म्हणून आज ती नावे आहेत. गोव्यात फ्रँक यांनी कॅमेऱ्याने केले ते नाशिककडे कर्डकांनी लेखणीने केले. मराठवाड्यातल्या गायन पार्ट्यांचे, सत्तर-ऐंशीच्या दशकांत गावोगाव रात्री जागवणाऱ्या गायक-वादकांचे, असे काम अजून बरेच पडून आहे. त्यातले अनेक जण आज सत्तरी-ऐंशीच्या घरात आहेत, आणि मोबाइल तर आता प्रत्येक नातवाच्या खिशात आहे.

अँथनी गोन्साल्विस यांचे नाव १९७७ साली ‘अमर अकबर अँथनी’मधल्या गाण्यामुळे घराघरात गेले. शिष्य प्यारेलाल यांनी गुरूची आठवण म्हणून ते घातले होते. देशभर पोरे ते नाव ओरडत होती आणि त्या नावाचा माणूस खरोखर आहे, तो व्हायोलिन वाजवतो, हे फार थोड्यांना माहीत होते. ते जानेवारी २०१२ मध्ये गेले. नाव मागण्याचा हक्क देणारा कायदा जूनमध्ये लागू झाला. फ्रँक फर्नांड यांना जाऊन तेव्हा पाच वर्षे झाली होती.